इंद्रावतीचें शिल्लक पाणी

नवी मुंबईंत राहणाऱ्या आपणां सर्वांची नदीशीं ओळख बहुधा नळाच्या तोटीपुरतीच असते. आपल्या घरीं येणारें पाणी खालापूरकडील मोरबे धरणांतून येतें आणि तें धरण धावरी नांवाच्या नदीवर बांधलेलें आहे, एवढें ज्यास ठाऊक असेल त्याला मी मोठा जाणता नागरिक म्हणेन. यांत आपला सारा दोष आहे असेंहि नाहीं. कोकणांतील नद्यांचा स्वभावच असा कीं, त्यांच्याशीं निवांत ओळख होऊंच नये. सह्याद्रीच्या कड्यावरून त्या खालीं उडी घेतात, धांवत सुटतात, आणि पाहतां पाहतां खाडींत शिरतात. उल्हास ही त्यांतली एक थोरली. तिची लांबी १२२ किलोमीटर.

आज मी ज्या नदीविषयीं बोलणार आहें ती याच महाराष्ट्राच्या दुसऱ्या टोंकाला, येथून हजार किलोमीटरांहून अधिक अंतरावर, गडचिरोली जिल्ह्याच्या पूर्व सीमेवरून वाहते. तिचें नांव इंद्रावती. तिच्या कांठीं पंढरपूर-नाशिकासारखें मोठें क्षेत्र नाहीं. मोठीं शहरें म्हणाल तर जगदलपूर हें एकच. शाळेंत गोदावरीच्या उपनद्या पाठ करतांना तिचें नांव आपण घेतलें असेल, आणि परीक्षेनंतर विसरूनहि गेलों असूं. परंतु पाणीवांटपाच्या सरकारी कागदपत्रांत मात्र ही नदी वारंवार भेटते, आणि तेथें तिच्या पाण्याला एक विशेषण लावलेलें असतें : न वापरलेलें, शिल्लक राहिलेलें. हें पाणी कोणी वापरलेलें नाहीं, आणि तें खरोखर शिल्लक आहे काय, हा प्रश्न मनाशीं धरून आपण तिच्या उगमापासून संगमापर्यंत जाऊं.

इंद्रावतीचा उगम ओडिशांतील कालाहांडी जिल्ह्यांत, पूर्वघाटाच्या डोंगरांत, समुद्रसपाटीपासून सुमारें ९१४ मीटर उंचीवर होतो. बंगालचा उपसागर तेथून फार दूर नाहीं. तरीहि ही नदी समुद्राकडे पाठ फिरवून पश्चिमेची वाट धरते, महाराष्ट्राच्या सीमेपर्यंत येते, तेथें दक्षिणेला वळते, आणि गोदावरीला मिळून तिच्याबरोबर पुन्हां पूर्वेकडे जाते. या एवढ्या वळशामुळें तिची लांबी सुमारें ५३५ किलोमीटर झाली आहे. पैकीं १६४ किलोमीटर ओडिशांत, २३३ किलोमीटर छत्तीसगडांत, आणि शेवटचे १२९ किलोमीटर छत्तीसगड व महाराष्ट्र यांच्या सीमेवर. उरलेला थोडासा भाग ओडिशा व छत्तीसगड यांच्या सीमेचा. संगमापाशीं ती समुद्रसपाटीपासून अवघ्या ८२ मीटरांवर येते. आठशें तीस मीटरांची ही उतरण एकसारखी नाहीं. जुन्या वाड्याच्या जिन्याप्रमाणें ती पायऱ्यापायऱ्यांची आहे : एक सपाट पठार, मग एकदम उडी, मग दऱ्याखोऱ्यांतील खळखळाट, आणि शेवटीं रुंद, वाळूचें व खडकांचें संथ पात्र.

उगमाकडील लोक एक कथा सांगतात. इंद्र इंद्राणीसह पृथ्वीवर उतरला असतां उदंती नांवाच्या एका तरुणीवर भाळला. इंद्राणी दुःखानें नदी होऊन वाहूं लागली, ती इंद्रावती. इंद्र आणि उदंती यांनाहि शाप मिळाला, आणि उदंतीची वेगळी नदी झाली. या दोन सवती वेगवेगळ्या वाहूं लागल्या, असा या कथेचा शेवट आहे. कथेंतील भूगोल अगदीं अचूक आहे, हें विशेष. उदंतीचें पाणी तेल नदीवाटे महानदीला जातें, इंद्रावतीचें गोदावरीला. मध्यें पाणलोटाचा डोंगर आहे. पण शाप देणाऱ्याला जलविद्युत् ठाऊक नव्हती. ओडिशा सरकारनें उगमाजवळ चार धरणें बांधून इंद्रावतीचें पाणी अडविलें, तें बोगद्यांतून डोंगरापलीकडे नेलें, आणि मुखीगुडा येथील सहाशें मेगावॅटच्या वीजघरांतून हाती नांवाच्या नदींत सोडलें. हाती तेल नदीला मिळते, आणि उदंतीहि तेल नदीलाच मिळते! इंद्राला जें साधलें नाहीं तें स्थापत्यशास्त्रानें साधलें, असें म्हणावयास हरकत नाहीं. त्या पाण्यानें कालाहांडीसारख्या दुष्काळानें गाजलेल्या जिल्ह्यांत शेती भिजते, हेंहि सांगितलें पाहिजे. मात्र जें पाणी डोंगर ओलांडून गेलें तें इंद्रावतीच्या खालच्या पात्राला कायमचें अंतरलें.

यापुढें आणखी एक चमत्कार आहे, आणि तो मानवानें केलेला नाहीं. ओडिशाची सीमा ओलांडण्याच्या सुमारास नदी अगदीं सपाट प्रदेशांतून जाते. कांठ बुटके, पात्र वाळूनें भरत आलेलें. तेथें जोरा नाला नांवाचा एक ओहोळ तिच्या कांठाला येऊन भिडला आहे. या नाल्याचा उतार अधिक आणि तळ खोल. त्यामुळें इंद्रावतीचें पाणी स्वतःची वाट सोडून नाल्यांत उतरूं लागलें, आणि जसजसें तें उतरत गेलें तसतसा नाला आणखी रुंद व खोल होत गेला. भूगोलशास्त्रांत याला नदीचौर्य म्हणतात. एका नदीनें दुसरीचें पाणी पळवावयाचें, ही क्रिया सहसा हजारों वर्षें चालते आणि आपल्याला तिचा नुसता पुरावा दिसतो. येथें मात्र ती माणसाच्या आयुष्याच्या मापानें चालली आहे, आणि तिच्यावर दोन राज्यांच्या अधिकाऱ्यांच्या बैठकी होतात. जोरा नाला पुढें कोलाब म्हणजेच शबरी नदीला मिळतो, आणि शबरी शेवटीं गोदावरीलाच मिळते. तेव्हां एकंदर हिशेबांत कांहींच हरवत नाहीं, असें वाटेल. परंतु शबरीच्या वाटेनें गेलेलें पाणी चित्रकोटचा धबधबा, अबुझमाडच्या डोंगराचा पायथा आणि आपलें भामरागड, या सर्वांना चुकवून पुढें जातें. हिशेब गोदावरीच्या मुखाशीं बसून केला तर पूर्ण जुळतो. नदीच्या कांठीं बसून केला तर जुळत नाहीं.

गोदावरी जलतंट्याच्या लवादानें १९८० सालीं जो निवाडा दिला, त्यांत ओडिशानें बस्तरकडे वर्षाला ४५ अब्ज घनफूट पाणी येऊं द्यावें असें ठरलें, आणि त्यांत जोरा नाल्याचाहि हिशेब धरला. हा आंकडा केवढा? मोरबे धरण काठोकाठ भरलें तर त्यांत पावणेसात अब्ज घनफुटांच्या आसपास पाणी मावतें. म्हणजे सुमारें पावणेसात मोरबे. ऐकावयास पुष्कळ वाटतें; पण तो वर्षाचा आंकडा आहे. पावसाळ्याच्या चार महिन्यांत एवढें पाणी सहज येऊन जाईल आणि निवाड्याचें पालनहि होईल. चैत्र-वैशाखांत पात्र कोरडें पडलें तर त्याविषयीं हा आंकडा मुका आहे. अलीकडच्या कांहीं वर्षांत उन्हाळ्यांत जगदलपूरच्या परिसरांत नदी आटल्याच्या तक्रारी होतात, त्यांचें मूळ येथें आहे.

जगदलपूरच्या पश्चिमेस ३८ किलोमीटरांवर नदी पठाराच्या कडेला येते आणि सुमारें २९ मीटर खालीं कोसळते. हा चित्रकोटचा प्रसिद्ध धबधबा. वाळूच्या दगडाच्या आडव्या थरांवरून घोड्याच्या नालाच्या आकारांत तो पडतो. भर पावसाळ्यांत त्याची रुंदी तीनशें मीटरांच्या घरांत जाते आणि पाणी गेरूसारखें तांबडें होतें. प्रवासी पुस्तिका त्याला भारताचा नायगारा म्हणतात. आपल्या सुंदर वस्तूला परक्या वस्तूचें नांव दिल्यावांचून आपलें समाधान होत नाहीं, याला काय म्हणावें! त्याच्या खालीं नदी खोल दरींत शिरते, नागवंशी राजांच्या जुन्या देवळांसाठीं प्रसिद्ध असलेल्या बारसूरजवळ सात धारांनीं खडकांतून फुटते, आणि मग अरण्यांत दिसेनाशी होते. उत्तरेला अबुझमाड. अबुझ म्हणजे न समजलेला, माड म्हणजे डोंगर. सुमारें चार हजार चौरस किलोमीटरांच्या या डोंगराळ मुलुखाची जमीनमोजणीहि दीर्घकाळ झाली नव्हती. दक्षिणेला इंद्रावती राष्ट्रीय उद्यान. १९८३ सालीं तें व्याघ्रप्रकल्पांत घेतलें गेलें. १९८० नंतर या सर्व भागांत सशस्त्र नक्षलवादी चळवळीनें मूळ धरलें, आणि वर्षानुवर्षें येथें पक्षी मोजणारा, मासे तपासणारा शास्त्रज्ञ सुखानें हिंडूं शकला नाहीं. म्हणून या मधल्या टप्प्यावर मी अधिक बोलत नाहीं.

भामरागडला ती महाराष्ट्राला भेटते. येथें तीन नद्यांचा संगम आहे. उत्तरेकडून पर्लकोटा येते, जिला छत्तीसगडांत कोटरी म्हणतात, दुसरी पामुलगौतम, आणि पूर्वेकडून इंद्रावती. जवळच हेमलकसा. १९७३ सालीं बाबा आमटे यांनीं तेथें लोकबिरादरी प्रकल्प सुरू केला, आणि प्रकाश व मंदाकिनी आमटे या डॉक्टर दांपत्यानें तेथें माडिया लोकांत राहून दवाखाना चालविला, हें आपणांस ठाऊक आहेच. त्यांच्या कामाची गोष्ट सांगतांना आपण बहुधा म्हणतों कीं, पावसाळ्यांत तेथील वाट बंद होई. ती वाट कां बंद होई, हें मात्र सहसा कोणी सांगत नाहीं.

भामरागडचा पूर केवळ भामरागडच्या पावसाचा नसतो, हें प्रथम लक्षांत घ्यावें. नवी मुंबईकरांना तो समजावून सांगणें सोपें आहे. खाडीला मोठी भरती असतांना वर जोराचा पाऊस लागला, तर वाशी-नेरूळचे नाले खाडींत रिकामे होऊं शकत नाहींत. समुद्राचें पाणी त्यांच्या तोंडाशीं दारासारखें उभें राहतें. म्हणूनच सिडकोनें नगररचना करतांना खाडीकांठीं धारण तलाव केले. ओहोटी लागेपर्यंत पावसाचें पाणी त्यांत थांबावें, हा त्यांचा उपयोग. भामरागडला समुद्र नाहीं. पण इंद्रावती हीच तेथली भरती. दूर ओडिशांत आणि बस्तरांत पाऊस झाला कीं दोन-तीन दिवसांनीं ती फुगून येते. तिची पातळी चढली म्हणजे पर्लकोटेचें पाणी तिच्यांत शिरेना होतें, मागें सरकूं लागतें, पुलावरून वाहतें, बाजारपेठेंत येतें. आकाश निरभ्र असतांनाहि पूर चढूं शकतो. २०१९ च्या पावसाळ्यांत हा वेढा गांवाला एकदां नव्हे, अनेक वेळां पडला. दुकानदार माल उचलून उंचावर नेतात, पाणी ओसरलें कीं गाळ काढतात, आणि पुन्हां दुकान मांडतात.

भामरागडला धारण तलाव कोणी बांधला नाहीं. तो तेथें निसर्गतःच आहे. नदीकांठची सखल वनें आणि गवताळ पट्टे हाच तो तलाव. पुराचें पाणी त्यांत शिरतें, वेग हरवतें, आणि गाळ टाकतें. पाणी उतरल्यावर त्या ओलसर गाळांत जें उंच, कोंवळें गवत उगवतें, त्यावर या प्रदेशांतील सर्वांत दुर्मिळ प्राणी जगतो. तो म्हणजे रानम्हैस.

रानम्हैस म्हटल्यावर आपल्या डोळ्यांपुढें तबेल्यांतील म्हैस येते, आणि सारा घोटाळा होतो. तबेल्यांतली म्हैस ही हिचीच पाळीव वंशज खरी. पण रानांतील नर हजार किलोहून अधिक भरूं शकतो, आणि त्याच्या पसरट शिंगांच्या टोंकांमधील अंतर माणसाच्या उंचीहून अधिक असूं शकतें. एवढ्या काळ्या, प्रचंड देहाला घाम मात्र फार थोडा येतो. अंगांतील उष्णता बाहेर टाकण्यास तिला पाण्यांत किंवा चिखलांत बसावेंच लागतें. तें तिचें ऐदीपण नव्हे, प्रकृतीची गरज आहे. म्हणून रानम्हशीचें रान म्हणजे गवत अधिक बारमाही पाणी. यांपैकीं एक गोष्ट गेली कीं दुसरी असून उपयोग नाहीं. एके काळीं मध्य भारतांत ही पुष्कळ ठिकाणीं होती. आतां इंद्रावतीचा परिसर आणि छत्तीसगडांतील उदंतीचें वन, अशा मोजक्याच जागीं तिचे मोजके कळप उरले. पाहा, त्या कथेंतील दोन सवतींच्याच आश्रयाला तें जनावर येऊन राहिलें आहे. गडचिरोली जिल्ह्यांत सिरोंचा वनविभागांतील कोलामार्का हें तिचें ठिकाण. २०१३ सालीं महाराष्ट्र सरकारनें तें संवर्धन राखीव म्हणून घोषित केलें. कळप नदी पोहून पलीकडच्या व्याघ्रप्रकल्पांत जातो आणि परत येतो. राज्याच्या सीमेवर त्याला कोणी हटकत नाहीं. त्याला खरें भय शिकाऱ्याचें आणि गांवच्या गुरांचें आहे : गुरांपासून रोग येतात, आणि पाळीव म्हशींशीं संकर होऊन मूळ रक्तच पातळ होतें.

आतां उन्हाळा. फाल्गुन सरला कीं पावसाळ्यांतील ती प्रचंड नदी ओळखूं येत नाहीं. या भागांतील खडक फार प्राचीन, आपल्या सह्याद्रीच्या काळ्या पाषाणाहून कितीतरी जुना. सह्याद्रीचा लाव्हा सुमारें साडेसहा कोटी वर्षांपूर्वींचा. बस्तरच्या तळाशीं असलेल्या पट्टेदार खडकांचें वय अब्जावधी वर्षांच्या मापानें सांगतात. असल्या कठीण खडकांत नदीला सारखें पात्र कोरतां येत नाहीं. जेथें भेग तेथें खोल डोह, जेथें अखंड कातळ तेथें उथळ धार. उन्हाळ्यांत धारा क्षीण होतात. डोह तेवढे उरतात. त्या डोहांत, लांबरुंद वाळवंटामध्यें हिरवें पाणी धरून, सबंध नदी जणूं पुढच्या पावसाची वाट पाहत बसलेली असते. मरळ, वाम, शिंगाडा यांसारखे मासे तेथें, मऊ पाठीचीं कासवें तेथें, मगर तेथें. तहानलेलें रानहि तेथेंच येतें.

याच दिवसांत वाळवंटावर एक वेगळा संसार मांडलेला असतो, आणि तो फार जवळून पाहिल्यावांचून दिसत नाहीं. नदी सुरय हा पांढरट-करडा, पिवळ्या चोंचीचा पक्षी वाळूंत उथळ खळगा करून अंडीं घालतो. टिटवी आणि चिमुकली पाणभिंगरी यांचाहि तोच प्रकार. अंड्यांचा रंग वाळूचा, म्हणून तीं वांचतात. मगरीची मादी उन्हाळ्याच्या आरंभीं कांठच्या वाळूंत अंडीं पुरते, आणि पिलें नर व्हावयाचीं कीं मादी हें वाळूच्या उष्णतेवर ठरतें. पावसाच्या तोंडीं तीं बाहेर पडतात. या सगळ्यांचें गणित नदीच्या पातळीवर बसविलेलें आहे. पात्रांतील बेटाभोंवतीं पाणी आहे तोंवर कुत्रीं-कोल्हीं अंड्यांपर्यंत पोहोंचत नाहींत. पाणी आटलें कीं वाट उघडी. उलट वरच्या धरणांतून उन्हाळ्यांत अवेळीं पाणी सुटलें तर घरटीं एका रात्रींत बुडतात. म्हणजे नुसतें पुरेसें पाणी असून भागत नाहीं. तें त्या-त्या महिन्याला शोभेल एवढें असावें लागतें. पाण्याची अशी वेळापत्रकी गरज वीजघराला असते, हें आपण मान्य करतों. पांखराला आणि मगरीला ती असते हें मान्य करणें मात्र जड जातें.

मृगाचा पाऊस झाला कीं डोहांतले मासे प्रवाहाविरुद्ध वर चढतात, ओहोळांत, भातखाचरांत शिरतात आणि अंडीं घालतात. आपल्या रायगड-ठाण्याकडे याला वलगण म्हणतात. आगरी-कोळी घरांत हा शब्द आजहि जिवंत आहे. इंद्रावतीची वलगण पामुलगौतम, पर्लकोटा, बांडिया अशा उपनद्यांतून दूर रानांत जाते. चित्रकोटच्या कड्याशीं मात्र ही चढण संपते. एकोणतीस मीटरांची भिंत माशांना ओलांडवत नाहीं. त्यामुळें धबधब्याखालची नदी आपल्या मत्स्यधनासाठीं सर्वस्वीं या उपनद्यांवर अवलंबून आहे. माडिया लोक बांबूच्या सापळ्यांनीं मासे धरतात. कधीं डोहांत माशांना गुंगी आणणारी साल कुटून टाकतात. या शेवटच्या प्रकाराला मी चांगला म्हणणार नाहीं. पण त्याची धांव एका डोहापुरती असते, हें विसरून चालणार नाहीं. बस्तरकडे बैलाडिलाच्या लोहखाणींनीं शंखिनी नदीचें पाणी लालभडक केलें, आणि तें पाणीहि शेवटीं इंद्रावतीलाच येतें.

कांठच्या वनांविषयीं थोडें. पूर्वेचा साल आणि पश्चिमेचा साग यांची सीमारेषा याच मुलुखांत कोठेंतरी भेटते. पाण्यालगत अर्जुन आणि जांभूळ, वर ऐन, मोह, तेंदू, बांबू. शेकरू, म्हणजे महाराष्ट्राचा राज्यप्राणी, या बाजूच्या उंच झाडांत आढळतो, आणि छत्तीसगडचा राज्यपक्षी असलेली पहाडी मैना पलीकडच्या बस्तरांत. दोन्ही कांठांवर माडिया गोंडांचीं गांवें आहेत, सोयरीक आहे, बाजारहाट आहे. नदी ही सीमा आहे ही कल्पना त्यांच्यावर बाहेरून आली. एका बाजूला ब्रिटिशांचा चांदा जिल्हा आणि दुसऱ्या बाजूला बस्तर संस्थान, अशी जुनी विभागणी होती खरी; परंतु १९४८ नंतर दोन्ही बाजू एकाच प्रांतांत होत्या. १ नोव्हेंबर १९५६ रोजीं चांदा जिल्हा मुंबई राज्यांत आला, बस्तर मध्यप्रदेशांत राहिलें, आणि डोंग्यांतून सोयऱ्याकडे जाणारा मनुष्य एका राज्यांतून दुसऱ्या राज्यांत जाऊं लागला.

भामरागडपासून नदी दक्षिणेकडे वळते आणि सिरोंचा तालुक्यांत सोमनूर येथें गोदावरीला मिळते. महाराष्ट्र, छत्तीसगड आणि तेलंगण यांच्या सीमा तेथें एकत्र येतात. संगमाच्या पश्चिमेस, प्राणहिता-गोदावरीच्या खोऱ्यांत, खडक बदलतो. तेथें थरांचे दगड आहेत आणि त्यांत प्राचीन जीवांचे अवशेष. सिरोंच्याजवळच्या वडदम गांवीं जीवाश्मांचें उद्यानच आहे. पलीकडे तेलंगणांत याच थरांत कलकत्त्याच्या भारतीय सांख्यिकी संस्थेच्या शास्त्रज्ञांना एका अजस्र शाकाहारी सरड्याचीं हाडें सांपडलीं. १९७५ सालीं त्याचें नामकरण झालें बारापासॉरस टागोरी. मोठ्या पायांचा म्हणून बारापा, आणि रवींद्रनाथांच्या जन्मशताब्दीच्या सुमारास तो उकरला गेला म्हणून टागोरी.

संगमाशीं गोदावरीच्या पात्रांत खडकांची एक मोठी आडवी पट्टी आहे. एकोणिसाव्या शतकांत इंग्रजांनीं वऱ्हाड-नागपूरचा कापूस होड्यांतून थेट समुद्राला नेण्याची मोठी योजना आंखली, तेव्हां नदीच्या वाटेंत असे तीन अडथळे लागले. मधला हा इंचमपल्लीचा. पुष्कळ पैसा ओतून १८७१ सालीं ती योजना सोडून द्यावी लागली. तोंवर आगगाडीहि नागपुराला पोहोंचली होती. होड्या आल्या असत्या तर त्यांच्यामागून वखारी, गिरण्या, बाजार आले असते. खडकानें तें सारें अडविलें, आणि इंद्रावतीचें रान राहिलें. पुढें गंमत अशी झाली कीं, ज्या खडकानें होडीवाल्यांना परत पाठविलें त्याच खडकानें धरणवाल्यांना बोलावून आणलें. भक्कम पाया, वर रुंद खोरें, प्रचंड पाणी; धरणाला यापेक्षां चांगली जागा कोणती? इंचमपल्ली येथें गोदावरीवर, भोपालपट्टणम् येथें इंद्रावतीवर, आणि वर बस्तरांत बोधघाट येथें, अशा योजना निघाल्या. पहिल्या दोहोंविरुद्ध १९८० च्या दशकांत बाबा आमट्यांनीं माडियांना बरोबर घेऊन आवाज उठविला. बोधघाटचें काम वनखात्याच्या परवानगीपाशीं अडलें. तिन्ही धरणें आजपर्यंत झालेलीं नाहींत, आणि तिन्ही प्रस्ताव पुरतेपणीं मेलेलेहि नाहींत.

यांतूनच तें शिल्लक पाणी निघालें. नदीजोडणीच्या ताज्या आराखड्यांत गोदावरीचें पाणी कावेरीकडे नेण्याची जी योजना आहे, तिची मुख्य भिस्त इंद्रावतीच्या खोऱ्यांतील छत्तीसगडच्या वांट्यावर आहे, जो वांटा त्या राज्यानें अद्याप वापरलेला नाहीं. हा आंकडा सुमारें १४८ अब्ज घनफूट. मोरबे धरण बाविसांच्या आसपास वेळां भरेल एवढें हें पाणी आहे. तामिळनाडूच्या शेतकऱ्याची तहान खोटी आहे असें मी म्हणणार नाहीं. आपली स्वतःची तहानहि धावरी नदीला अडवूनच भागली आहे. पण वापराचा अर्थ आपण फार अरुंद धरला आहे. वर सांगितलेला प्रत्येक व्यवहार, पुरानें टाकलेला गाळ, त्यावरचें गवत, डोहांतील उन्हाळी पाणी, बेटाभोंवतीचा खंदक, माशांची चढण, हा त्या पाण्याचा वापरच आहे. त्याची पावती फाडली जात नाहीं एवढेंच. लवादापुढें राज्यांना वकील देतां येतो, रानम्हशीला देतां येत नाहीं. निदान कोणत्या महिन्यांत नदींत किती पाणी राहिलें पाहिजे हें आधीं मोजून ठरवावें, आणि मग उरेल त्याला शिल्लक म्हणावें, असें मला वाटतें. हें मोजमाप कठीण नाहीं. जगदलपूर येथें व संगमाच्या अलीकडे पातागुडम येथें केंद्रीय जल आयोग नदीची पातळी मोजतो. वर्षानुवर्षांचे आंकडे हातीं आहेत. त्यांच्या शेजारीं डोहांची आणि वाळवंटांची नोंद ठेवावयाची आहे.

ज्यांना ही नदी प्रत्यक्ष पाहावयाची असेल त्यांनीं नोव्हेंबर ते फेब्रुवारी या महिन्यांत जावें. नागपूरहून चंद्रपूर किंवा गडचिरोलीमार्गें आलापल्ली गांठावी. तेथील जुन्या सागवानाच्या वनाला २०१४ सालीं जैवविविधता वारसास्थळाचा मान मिळाला आहे, तें पाहावें, आणि पुढें भामरागडच्या रस्त्याला लागावें. संगम पाहण्यास सिरोंच्याहून सोमनूरला जातां येतें. जुलै-ऑगस्टमध्यें मात्र आधीं चौकशी केल्यावांचून निघूं नये. पर्लकोटेचें पाणी चढलें असेल तर अलीकडेच थांबावें लागतें, आणि तें केव्हां उतरेल हें त्या वेळीं ओडिशांत किती पाऊस पडतो आहे यावर असतें.